आधी वारा धरायचा, सुराला हात शेवटी

प्रश्न थोडक्यात असा आहे. भजनी मंडळाची जुनी, डबल रीडची (एका पट्टीला दोन रीड, आमच्या भाषेत दोन सूर), साडेतीन सप्तकांची पेटी, म्हणजे हार्मोनियम, बरीच वर्षं माळ्यावर पडून होती. आता खाली काढली तर भाता मारला की लगेच रिकामा होतो, मधल्या सप्तकातले तीन सूर मुके आहेत आणि एक सूर पट्टी न दाबताही वाजत राहतो. एका दुकानात दाखवल्यावर 'सगळे सूर बदलावे लागतील' असं सांगितलं. विचारणारा मुलगा मेकॅनिकलचा डिप्लोमा करतोय, घरातलं शिलाई मशीन, मिक्सर, सायकलचं फ्रीव्हील असं सगळं उघडून बघायची त्याला सवय आहे. तो विचारतो, "काका, मी स्वतः उघडली तर चालेल का? आणि हे काम शिकायचं असेल तर सुरुवात कुठून करू?"

उघड. मात्र सूर बदलायचा विचार आज डोक्यातून काढून टाक. तुझ्या तिन्ही तक्रारींत सूर खराब झाल्याचा एकही पुरावा मला दिसत नाही. भाता रिकामा होणं ही वाऱ्याची तक्रार. सूर मुका होणं ही बहुतेक वेळा धुळीची. पट्टी न दाबता वाजणं ही पट्टीची नाहीतर तिच्याखाली सुराचं भोक झाकणाऱ्या गादीची. सुरातली पितळेची जीभ, जी हलून आवाज देते, ती माळ्यावर पडून झिजत नाही. ती थकते वाजवून वाजवून, आणि त्याहून जास्त बिघडते ती कुणीतरी घाईने कानस चालवल्यामुळे. साडेतीन सप्तकांच्या पेटीत ४२ पट्ट्या असतात, दोन ओळींचे मिळून ८४ सूर. तीन मुक्या सुरांसाठी ८४ सूर फेकायचे हा हिशोब मला कधीच पटलेला नाही. जुन्या पेटीचा आवाज तिच्या सुरांत असतो. तेच बदलले तर मंडळाकडे तेवढं जुनं लाकूड उरेल.

या कामात मी एकच क्रम पाळत आलोय आणि शिकायला येणाऱ्यालाही तोच पाळायला लावतो. आधी वारा, मग गाद्या, मग पट्ट्या, आणि सूर सगळ्यात शेवटी. वारा गळत असताना सुराबद्दल केलेला कुठलाही अंदाज चुकतो, कारण कमी दाबाखाली चांगला सूरही उशिरा बोलतो, हलका बोलतो, कधी बोलतच नाही.

म्हणून आधी वाऱ्याची वाट समजून घे. बाहेरच्या भात्याच्या फळीला गोल भोकं असतात आणि त्यांना आतून मऊ कातड्याची झडप लावलेली असते. भाता उघडला की झडप आत उचलली जाते, हवा आत येते. भाता दाबला की तीच झडप भोकांवर घट्ट बसते आणि हवेला परतीचा रस्ता उरत नाही. मग ती पेटीच्या अंगातल्या दुसऱ्या झडपेतून आत शिरते. आत तळाशी आणखी एक भाता आहे, त्याला खालून स्प्रिंगा वर रेटत असतात. हा आतला भाता म्हणजे हवेचा साठा. बाहेरचा भाता हाताच्या गतीप्रमाणे तुटक तुटक हवा देतो, पण आतला भाता स्प्रिंगांच्या जोरावर ती एकसारखी करून वर पाठवतो. तू भाता पुन्हा उघडत असतोस तेव्हाही सूर तुटत नाही, तो याच्यामुळे. तिथून हवा पेटीच्या पुढच्या बाजूला ओढायच्या खुंट्या असतात, त्यांनी उघडलेल्या वाटेने सुरांच्या कप्प्यात येते आणि दाबलेल्या पट्टीची गादी उचलली गेली की त्या सुरातून बाहेर पडते.

आता स्क्रूड्रायव्हर न उचलता परीक्षा घ्यायची. सगळ्या खुंट्या बंद कर. भाता सावकाश भर, जड लागेपर्यंत. थोडं थांब आणि पुन्हा दाबून बघ. लगेच जड लागला तर साठा टिकलाय. मोकळा आत गेला तर हवा कुठून तरी निघून गेली. नंतर हेच मुख्य खुंट्या उघडून कर, पण एकही पट्टी दाबू नकोस. खुंट्या बंद असताना साठा टिकतो आणि उघडल्यावर निसटतो, तर गळती वर आहे, म्हणजे गाद्यांत किंवा रीड बोर्डाच्या (सूर बसवलेल्या फळीच्या) सांध्यात. बंद असतानाच निसटत असेल तर गळती खाली आहे, म्हणजे भात्यात, झडपांत किंवा पेटीच्या सांध्यांत. या एका परीक्षेत अर्धं काम होतं, आणि तुझ्या पेटीची लक्षणं वाचून मला वाटतं की गळती दोन्हीकडे सापडेल.

झडपांसाठी आणखी एक तपासणी आहे. भाता दाबताना त्याच्या फळीवरच्या भोकांपाशी तळहात धर. हवा हाताला लागली तर पहिली झडप बसत नाही. दुसरी झडप गळत असेल तर भरलेल्या साठ्यातली हवा मागे येते आणि बाहेरचा भाता तुझ्या हाताला उलटा रेटू लागतो. (काही पेट्यांत बाहेरच्या भात्यालाच उघडणारी स्प्रिंग असते, तिचा रेटा वेगळा ओळखायला हवा. रिकाम्या पेटीवर आधी भाता कसा वागतो ते बघून ठेव.) भात्याच्या घड्या आणि कोपरे यांच्यासाठी उदबत्ती लाव. भाता कुणालातरी दाबून धरायला सांग आणि धूर कडेकडेने फिरव. जिथे गळतं तिथे धूर झटकन वाकतो. ठिणगी कापडाला, कातड्याला लागणार नाही एवढं अंतर ठेव.

माळ्यावरच्या पेटीत झडपांचं कातडं वाळून ताठ झालेलं असतं किंवा त्याच्या कडा वर वळलेल्या असतात. उंदरांना आणि झुरळांना कातडं आणि सरस दोन्ही आवडतं, त्यामुळे कोपरे कुरतडलेले मिळाले तर नवल नाही. कातडं बदलायचं तर मेंढीचं पातळ मऊ कातडं आण, रेक्झिन नको. रेक्झिन दिसायला छान बसतं, पण भोकाच्या कडेला मिठी मारत नाही. चिकटवायला सरस वापर. गरम पाण्याच्या भांड्यात दुसरं भांडं ठेवून त्यात वितळवायचा, थेट आचेवर ठेवला तर जळतो. पांढऱ्या डिंकाने काम पटकन होतं हे खरं आहे, पण सरस गरम पाण्याच्या ओल्या फडक्याने पुन्हा सुटतो. तुझ्यानंतर ही पेटी जो उघडेल, त्याला कातडं काढताना लाकडाच्या ढलप्या काढाव्या लागणार नाहीत. दुरुस्तीच्या वस्तूत पुढच्या दुरुस्तीची सोय ठेवणं हे मी कारागिराचं कर्तव्य मानतो.

आता उघडण्याबद्दल. वरचं झाकण आणि जाळी सहज निघते. पट्ट्यांची चौकट स्क्रूंनी धरलेली असते, रीड बोर्डही. प्रत्येक पायरीला फोटो काढ आणि स्क्रू कागदावर त्यांच्या जागेप्रमाणे टोचून ठेव, कारण लांबी वेगवेगळी असते आणि लांब स्क्रू आखूड जागी गेला तर तो आत कुठेतरी फळी फाडतो. गंजलेला स्क्रू हलत नसेल तर जोर लावू नकोस. सोल्डरिंग आयर्नचं टोक त्याच्या डोक्यावर थोडा वेळ ठेव, तो तापतो, गंजाची आणि लाकडाची पकड सुटते, आणि थंड होताना हळूच फिरतो. पट्ट्या चौकटीतून काढण्याआधी पेन्सिलीने मागच्या बाजूला १ ते ४२ आकडे घाल. सारख्या दिसल्या तरी जुन्या पेटीत एक पट्टी दुसरीच्या जागी बसत नाही, कारण प्रत्येक पट्टी त्या त्या कारागिराने तिथेच घासून बसवलेली असते.

पट्टी हा साधा तरफेचा खेळ आहे, तुला वेगळं सांगायला नको. पुढे दाबली की मागचं टोक उचलतं, तिथे खाली नमदा आणि त्यावर मऊ कातडं असलेली गादी आहे, ती सुराचं भोक उघडते. तारेची स्प्रिंग तिला परत बसवते. तुझा न दाबता वाजणारा सूर इथेच सापडेल. त्या पट्टीच्या दोन्ही बाजूंना जाड कागद सरकवून बघ. अडकत असेल तर लाकूड ओलाव्याने फुगून शेजारच्या पट्टीला घासतंय. पावसाळ्यात कोकणातून येणाऱ्या पेट्यांत हे हमखास असतं. लगेच रंधा किंवा कानस काढू नकोस. आठ-पंधरा दिवस कोरड्या, सावलीच्या जागी ठेवून पुन्हा बघ, कितीतरी वेळा पट्टी आपली आपण मोकळी होते. घासून कमी केलेलं लाकूड उन्हाळ्यात परत मिळत नाही. पट्टी मोकळी असेल तर स्प्रिंग ढिली आहे का बघ, आणि तीही ठीक असेल तर गादीखाली काही अडकलंय का बघ. बुक्क्याचा कण, तांदळाचा दाणा, मोहरी, भजनाच्या पेट्यांत काय काय निघतं! गादीवर भोकाच्या कडेचा ठसा गोल आणि सगळीकडून सारखा उमटलेला असायला हवा. एका बाजूला ठसा पुसट असेल तर तिथून वारा जातो.

इथपर्यंत झालं की पेटी पुन्हा जोड आणि परीक्षा परत घे. पुष्कळदा या टप्प्यावर मुक्या सुरांपैकी एखादा बोलू लागतो. उरलेल्यांसाठी रीड बोर्ड उलटा करायचा, आणि इथे घाई अजिबात नको, कारण आता तू पेटीच्या सगळ्यात नाजूक भागाशी आलास.

बोर्डाच्या खालच्या बाजूला पितळी चौकटी दोन-दोन स्क्रूंनी बसवलेल्या दिसतील. प्रत्येक चौकटीत लांबट खाच आणि तिच्यावर एका टोकाला रिबेटने पक्की केलेली पितळी जीभ. जीभ खाचेपेक्षा किंचित लहान असते, बाजूची मोकळी जागा मिलिमीटरच्या शतांशांत मोजावी इतकी कमी, आणि म्हणून ती कडांना न शिवता खाचेतून आरपार ये-जा करते. तिचं मोकळं टोक चौकटीच्या वर थोडंसं उचललेलं असतं, ज्या बाजूने हवा येणार त्या बाजूला. हवेचा दाब आला की त्या फटीतून हवा धावते आणि जिभेला खाचेत ढकलते. जीभ खाचेत गेली की वाट जवळजवळ बंद होते, हवा अडते, आणि पितळेचा लवचिकपणा तिला परत वर आणतो. पुन्हा फट, पुन्हा हवा. पांढरी एकच्या (सप्तकातल्या पहिल्या पांढऱ्या पट्टीच्या) मधल्या सा ला हे सेकंदाला सुमारे २६२ वेळा होतं. आवाज येतो तो हवेचे असे तुकडे पडल्यामुळे. खात्री करायची असेल तर जीभ नखाने हलकेच छेडून बघ, आवाज जेमतेम ऐकू येईल. सनईत असं नसतं. तिथे पत्तीला नळीतल्या हवेच्या मागे जावं लागतं, म्हणून बोटांनी भोकं उघडली-झाकली की स्वर बदलतो. पेटीच्या सुराला नळीच नाही. त्याचा स्वर त्याच्या पितळेतच ठरलेला आहे.

मुका सूर म्हणजे नव्वद टक्के वेळा खाचेच्या आणि जिभेच्या मधे केस, धागा किंवा धुळीचा कण आहे. पातळ कागदाची पट्टी किंवा फटी मोजायच्या तुझ्या फीलर गेजमधलं सगळ्यात पातळ पान जिभेखालून मुळाकडून टोकाकडे हलकेच सरकव. मऊ ब्रशने झटक. तोंडाने फुंकू नकोस, वाफेचा ओलावा पितळेवर बसतो. आणि एक कळकळीची विनंती, सुरांवर हिरवा थर दिसला म्हणून त्यांना पितांबरी किंवा चिंच लावू नकोस. देवघरातली समई घासतात तसे सूर घासले की जिभेची जाडी कमी होते, पावडर रिबेटपाशी अडकून राहते, आणि ८४ सूर ८४ दिशांना जातात. कोरड्या ब्रशने जेवढं निघेल तेवढं पुरे.

सूर खरखरत असेल तर जीभ एका कडेला शिवते आहे. चौकटीचे स्क्रू आधी घट्ट कर, कारण कितीतरी खरखर फक्त ढिल्या स्क्रूची असते. तरी राहिली तर चौकट उजेडासमोर धर. जिभेच्या दोन्ही बाजूंनी उजेडाची सारखी रेघ दिसायला हवी. एका बाजूला रेघ नसेल तर जीभ मुळाशी अगदी किंचित फिरवून मधे आणावी लागते, आणि हे पहिल्यांदा तू मंडळाच्या पेटीवर करू नयेस असं माझं स्पष्ट मत आहे. सूर उशिरा बोलत असेल तर टोकाचा उठाव तपास. साधारण नियम असा की टोकाला जीभ जितकी जाड तितकाच तिचा उठाव. उठाव फार झाला की सूर हवा खातो आणि उशिरा उठतो. फार कमी झाला की जोरात भाता मारला तर घुसमटून बंद पडतो.

आता स्वर लावण्याबद्दल, कारण तू ते विचारलं नसलंस तरी पेटी जोडल्यावर पहिला मोह त्याचाच होणार. जिभेची कंपनसंख्या तिच्या जाडीच्या सम प्रमाणात आणि लांबीच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात असते. लांबी तीच ठेवून जाडी निम्मी केली तर स्वर एक सप्तक खाली येतो. जाडी तीच ठेवून लांबी १.४१ पट केली तरी तेवढाच खाली येतो. तयार पेटीत लांबी बदलता येत नाही, म्हणून आपण जाडीशी खेळतो, तेही जागा बघून. टोकाजवळ खरवडलं की वजन कमी होतं आणि स्वर चढतो. मुळाजवळ खरवडलं की ताठपणा कमी होतो आणि स्वर उतरतो. खर्जाच्या मोठ्या सुरांच्या टोकाला मुद्दाम जादा वजन ठेवलेलं असतं, ते याच कारणाने, नाहीतर तेवढ्या खाली जायला जीभ पेटीत मावणार नाही इतकी लांब करावी लागली असती.

खरवडताना जिभेखाली पातळ पोलादी पान सरकवून आधार द्यायचा आणि लांबीच्या दिशेनेच खरवडायचं. आडवा ओरखडा म्हणजे उद्याची भेग. दोन-चार हलके हात फिरवायचे आणि थांबायचं. हाताच्या आणि घासण्याच्या उबेने पितळ थोडं नरम होतं आणि स्वर खाली दिसतो, थंड झाल्यावर तो चढतो. घाईत लावलेली पेटी दुसऱ्या दिवशी चढी लागते, त्यामागे बहुतेक हेच असतं. शिवाय दाबही सांभाळायचा. जोरात भाता मारला की सूर किंचित उतरतो, खर्जात जास्त. म्हणून एकाच सावकाश दाबावर ऐकायचं.

मोबाइलवरचा ट्यूनर जरूर वापर, सुरुवातीला आधार म्हणून तो चांगलाच आहे. पण कान तयार करायचा असेल तर दोन सूर एकत्र वाजवून त्यांच्यातली लाट ऐकायला शीक. ४४० आणि ४४२ कंपनांचे दोन सूर एकत्र वाजले की सेकंदाला दोन लाटा येतात. जवळ येत गेले की लाट लांबत जाते, आणि जुळले की नाहीशी होते. डबल रीडमधल्या दोन ओळी, खर्ज (खालच्या सप्तकाची) आणि नर (मधल्या सप्तकाची), अशाच जुळवायच्या असतात. ट्यूनरचा काटा स्थिर दिसत असताना कानाला लाट ऐकू येत असेल तर मी कानाचं ऐकतो.

इथे एक मोठा प्रश्न येतो, आणि तो टाळून पेटी शिकता येत नाही. कंपनीची पेटी बहुतेक समान अंतराच्या स्वरमेळात लावलेली असते, म्हणजे प्रत्येक पट्टी मागच्या पट्टीच्या १.०५९५ पट. सोय अशी की कुठल्याही पट्टीला सा धरा, सगळं सारखंच. किंमत अशी की त्यातला शुद्ध गांधार चढा असतो. पांढरी एकला सा धरला तर या पेटीचा गांधार सुमारे ३२९.६ कंपनांचा, आणि तानपुऱ्याच्या षड्जातून आपोआप जो गांधार ऐकू येतो तो त्याच सप्तकात आणला तर ३२७. तानपुरा नीट लागलेला असताना पेटीचा गांधार धरून ठेव, तुला हा फरक आकड्यांशिवाय ऐकू येईल. पंचमात मात्र फरक इतका थोडा आहे की बहुतेकांच्या कानाला कळत नाही.

म्हणून आपल्याकडे गांधार ट्यूनिंग करून घेणारे गायक-वादक आहेत. त्यात एक सा ठरवून बाकीचे स्वर त्याला धरून शुद्ध लावतात. आवाज असा गोड येतो की एकदा ऐकल्यावर परत मागे जावंसं वाटत नाही. पण मग त्या पेटीवर दुसऱ्या पट्टीतून गायचं झालं तर काही स्वर स्पष्ट बेसूर लागतात. स्केल चेंजरनेही ते सुटत नाही, कारण स्केल चेंजर फक्त पट्ट्या बाजूच्या सुरांवर सरकवतो, सूर जिथल्या तिथेच राहतात. ठाण्याच्या डॉ. विद्याधर ओकांनी २२ श्रुतींची पेटी केली ती याच अडचणीतून वाट काढायला.

पेटीवरचा जुना आक्षेपही याच पितळात आहे. १८४२ मध्ये पॅरिसच्या अलेक्झांडर दबँ यांनी हार्मोनियमचं पेटंट घेतलं, तेव्हा ते पायाने भाता मारायचं, टेबलाएवढं वाद्य होतं. १८७५ मध्ये कोलकात्याच्या द्वारकानाथ घोषांनी हातपेटी बनवली आणि ती जमिनीवर मांडी घालून वाजवता येऊ लागली. भाता मागच्या बाजूला आणण्याचा हा बदल मला यंत्ररचनेतलं मोठं काम वाटतं. खालचा सगळा पसारा गेला, डावा हात वाऱ्याला मिळाला, उजवा सुरांना, आणि वाद्य काखोटीला मारून वारीला न्यावं इतकं सुटसुटीत झालं. पण मींड (एका स्वरातून दुसऱ्या स्वरात न तुटता सरकणं) त्यातून निघत नाही, श्रुती हलत नाही, या कारणाने १९४० मध्ये आकाशवाणीने पेटीवर बंदी घातली आणि ती १९७१ पर्यंत शिथिल झाली नाही. आक्षेप खोटा नव्हता. सुराचा स्वर पितळात ठरलेला आहे हे तू आत्ताच वाचलंस. तरीही गोविंदराव टेंब्यांसारख्या वादकाने याच वाद्यातून गायकी काढली, आणि आपली नाटकं, भजनं, कीर्तनं पेटीवाचून उभी राहिली नाहीत. मराठी नाटकांत जो पायपेटीचा ऑर्गन वाजायचा तो उघडायला मिळाला तर जरूर बघ. अमेरिकी पद्धतीचा असेल तर त्यात भाते हवा बाहेर ढकलत नाहीत, आत ओढतात. तीच जीभ, तीच खाच, पण वारा उलट्या दिशेने, आणि आवाज पेटीपेक्षा मऊ. हा एक फरक समजून घेतलास तर सुराबद्दल तुला अर्ध्या पुस्तकाएवढं कळेल.

शिकायचं कुठून, या तुझ्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मी इथेच देतो. मंडळाची पेटी जोडून झाली की एका सुराची पेटी बनव. गुजरातमध्ये भावनगर जिल्ह्यातल्या पालिताण्याला सूर बनवण्याचा जुना धंदा आहे, तिथले सुटे सूर वाद्यांच्या दुकानात मिळतात. मधल्या सप्तकातले दोन-तीन आण. प्लायच्या तुकड्याला जिभेच्या खाचेएवढं भोक पाड, त्यावर सूर स्क्रूने बसव, आणि त्याला झाकणारी छोटी हवाबंद डबी कर, एका बाजूने रबरी नळी जोडलेली. नळीला सायकलच्या पंपाने नाहीतर फुटबॉलच्या ब्लॅडरने हवा दे. ब्लॅडर चांगलं, त्याचा दाब पंपासारखा तुटत नाही.

मग प्रयोग कर. सूर उलटा बसवून बघ, तो बोलणार नाही, कारण उचललेलं टोक वाऱ्याच्या बाजूला राहिलं नाही. जिभेच्या टोकाला मेणाचा बारीक कण लाव, स्वर उतरेल. कण काढ, स्वर जिथल्या तिथे येईल. तोच कण सरकवत मुळाकडे ने, परिणाम कसा कमी होत जातो ते वहीत लिही. मेणाने पितळ खर्ची पडत नाही, त्यामुळे कानस हातात घेण्याआधी हवे तेवढे प्रयोग करता येतात. उठाव कमी-जास्त करून सूर कधी उठतो ते बघ. भोकावर तुझी स्वतःची गादी बनवून बसव आणि उदबत्तीने तिची परीक्षा घे. हे सगळं तुझ्या टेबलावर, तुझ्या पैशांच्या दोन-तीन सुरांवर होतंय, लोकांच्या पेटीवर नाही. मी शिकायला आलेल्या मुलांना हेच करायला लावतो, आणि ज्याला या एका सुराचा कंटाळा येतो त्याला पेटीच्या कामाचाही पुढे येतोच, हे मी पाहिलेलं आहे.

त्यानंतर घ्यायची असेल तर जुनी, साधी, कपलर (एक पट्टी दाबली की दुसऱ्या सप्तकातली तीच पट्टीही दाबणारी जोडणी) आणि स्केल चेंजर नसलेली सिंगल रीडची पेटी घे. दिखाऊ पेटी नको. कपलरच्या तारा आणि सरकत्या पट्ट्या हा वेगळा विषय आहे, तो आधीच अंगावर घेतलास तर गळती कुठली आणि यंत्राची अडचण कुठली हे वेगळं करता येणार नाही.

सध्या मंडळाच्या पेटीचं एवढंच कर. वाऱ्याच्या दोन्ही परीक्षा, झडपा, गाद्या, अडकलेली पट्टी, आणि मुक्या तीन सुरांची धूळ. खरवडायचं काहीही नाही. ते झाल्यावर पेटी आठवडाभर रोज थोडी वाजवून घे, बंद पडलेले सूर हळूहळू मोकळे होतात आणि खरे बेसूर कोणते ते तेव्हाच कळतं. मग मला बोर्डाच्या खालच्या बाजूचा फोटो पाठव आणि कुठली पट्टी किती चढी-उतरी आहे ते लिही. आणि मंडळाचे बुवा कुठल्या पट्टीत गातात ते विचारून ठेव, काळी एक, काळी दोन, जे असेल ते. स्वर लावायचे तर त्यांचा सा धरूनच लावावे लागतील.